एलिया सुलेमान: न बोलण्याची चैन?

रिकामटेकडा: काल 'इट मस्ट बी हेवन' (२०१९) पाहिला. दिग्दर्शक एलिया सुलेमान, नाझरेथचा पॅलेस्टिनी, जन्म १९६०. स्वतःच्या सिनेमात स्वतःच काम करतो आणि तोंड उघडत नाही. टोपी, चष्मा, टकमक बघणं. नाझरेथ, पॅरिस, न्यूयॉर्क. न्यूयॉर्कच्या टॅक्सीवाल्यानं कुठला म्हणून विचारल्यावर तेवढं बोलतो: नाझरेथ. आणि मी पॅलेस्टिनी.
फ्रेम एकेक सुरेख, वादच नाही. पण हे मौन मला चैन वाटलं. 'फाइव्ह ब्रोकन कॅमेराज' (२०११) या माहितीपटात बिलिन गावचा पॅलेस्टिनी इमाद बुरनात एकामागून एक कॅमेरे फुटले तरी शूट करत राहिला. घर गेलेल्यांच्या वतीनं माणसानं बोलावं की नाही?

तिखटजाळ: दोघांना एका तागडीत कशाला घालताय? बुरनात वेस्ट बँकेतला, म्हणजे इस्रायलनं व्यापलेल्या पॅलेस्टिनी भागातला. सुलेमानचं नाझरेथ १९४८ च्या युद्धात, जुलैमध्ये, इस्रायली सैन्याला शरण गेलं आणि इस्रायलमध्ये आलं. विस्थापन म्हटलं की आपल्याला बोचकी घेतलेली रांग दिसते. पण १९५० च्या इस्रायली कायद्यानं असेही लोक मालमत्तेला मुकले, जे देशाच्या हद्दीतच होते, फक्त युद्धाच्या वेळी आपापल्या घरी नव्हते. त्यांना म्हणतात 'हजर-गैरहजर'. सुलेमानच्या 'द टाइम दॅट रिमेन्स'च्या (२००९) उपशीर्षकात हाच शब्द आहे. समोर उभं असून ज्याची गैरहजेरी लागली, तो पडद्यावर असाच उभा राहणार ना?

अर्धा कप: +१. आणि 'हेवन'मधली लिंबं विसरलात? शेजारी सुलेमानच्या बागेत घुसून लिंबं तोडतो, वर सांगतो, चोरी समजू नकोस, दार वाजवलं होतं, कुणी आलं नाही. पुढे तोच झाडाची छाटणी करतो, पाणी घालतो. मालक वरून बघतोय. जमीन अशीच जाते.

रिकामटेकडा: अहो, तो शेजारी अरबच आहे! प्रत्येक लिंबात नकाशा शोधायचा का? कायद्याचं माहीत नव्हतं, ते मान्य. पण ज्याला पार्श्वभूमी ठाऊक नाही, त्याला नुसता एक गमत्या माणूस दिसतो.

तिखटजाळ: म्हणजे पॅरिसच्या त्या निर्मात्यासारखंच झालं तुमचं. सिनेमातच आहे तो: तुमची गोष्ट पुरेशी पॅलेस्टिनी नाही, कुठेही घडू शकेल, म्हणतो.

रिकामटेकडा: टीकाकाराला आधीच सिनेमात बसवून ठेवणं ही हुशारी झाली. उत्तर नव्हे.

अर्धा कप: बरं, तो बोलला तेव्हा काय झालं ते आठवा. टॅक्सीवाल्यानं बायकोला फोन लावला, गाडीत पॅलेस्टिनी बसलाय म्हणून. घर कुठे होतं, का सोडलंस, काही विचारलं? जत्रेत दोन डोक्यांचं वासरू दिसावं तसा आनंद झाला त्याला.

रिकामटेकडा: हं. हे बिनतोड आहे. लिंबाचं मात्र अजून पटलेलं नाही. आज रात्री 'टाइम दॅट रिमेन्स' बघतो, उद्या भांडू.