स्केल राहू द्या, आधी चाल

एकाने विचारलंय की जॅझच्या सगळ्या स्केल (ठरलेल्या क्रमाच्या स्वरमाला) पाठ आहेत तरी सोलो (एकट्याने, आयत्या वेळी सुचेल तसं वाजवायचा भाग) वाजवताना नुसता रियाज चाललाय असं का वाटतं. माझ्या मते स्केल थोड्या दिवस बाजूला ठेवा आणि 'ऑटम लीव्ह्ज' या जॅझमधल्या प्रसिद्ध गाण्याची मूळ चाल तोंडाने म्हणता येईपर्यंत म्हणा, मग वाजवा.

त्यानंतर प्रत्येक कॉर्डचा (एकत्र वाजणाऱ्या स्वरांच्या गटाचा) मूळ स्वरापासून मोजून फक्त तिसरा आणि सातवा स्वर धरा. जी मायनर पट्टीत सुरुवातीला सी मायनर सेव्हन, एफ सेव्हन, बी फ्लॅट मेजर सेव्हन या कॉर्ड येतात ना, तिथे पहिल्या कॉर्डमधला बी फ्लॅट अर्धा स्वर उतरून ए होतो आणि तो एफ सेव्हनचा तिसरा, मग त्याच एफ सेव्हनमधला ई फ्लॅट उतरून डी होतो आणि तो बी फ्लॅटचा तिसरा! एवढे दोन स्वर सावकाश वाजवून बघा, मागे कोणी कॉर्ड धरलेली नसतानाही हार्मनी ऐकू येते, मला तर हे अजूनही भारी वाटतं. पुढे डी सेव्हन कॉर्डमधला एफ शार्प तेवढा जपा, तो जी कडे ओढतोच.

मेट्रोनोम (लय धरणारं यंत्र) चारपैकी २ऱ्या आणि ४थ्या मात्रेवर लावा. बाकी लिक्स (तयार छोटे स्वरतुकडे) वगैरे नंतर बघू.

आणि सॅक्सोफोनवादक कॅननबॉल ॲडर्लीच्या १९५८ च्या 'समथिंग एल्स' अल्बममध्ये ट्रम्पेटवादक माइल्स डेव्हिस ही चाल कशी वाजवतो ते नक्की ऐका, किती कमी स्वर आणि मधे केवढी जागा सोडलीये, पहिला कोरस (चालीचं एक पूर्ण आवर्तन) तसाच वाजवायचा प्रयत्न करा.