बुखारा म्हणायचं की टेके? अश्गाबादमध्ये गालिचा घेतोय, मदत हवी

मुक्काम_अश्गाबाद:

लोकहो, कामानिमित्त आठ महिने तुर्कमेनिस्तानात, अश्गाबादमध्ये आहे. दोन महिन्यांनी गाशा गुंडाळायचा आहे, त्याआधी एक हातविणीचा गालिचा घ्यायचा म्हणून इथल्या मोठ्या बाजारात तीन रविवार घालवले. तिसऱ्या रविवारी एक मनात भरला. साधारण दोन मीटर बाय तीन, गडद लाल, त्यावर अष्टकोनी नक्षीच्या सरळ रांगा. विक्रेता म्हणाला, ‘अस्सल बुखारा’. फोटो एका सहकाऱ्याच्या सासूबाईंना दाखवला, तर त्या फणकारल्या, ‘बुखारा उझ्बेकांकडे. हा टेके आहे.’ पुढचं सगळं तुर्कमेन भाषेत होतं, मला कळलं नाही, पण विक्रेत्याचं कौतुक नक्कीच नव्हतं.

तर बुखारा वेगळा आणि टेके वेगळा का? सोबतच्या चिठ्ठीवर चौरस मीटरला 3 लाख 30 हजारांहून जास्त गाठी लिहिल्यात, ते तपासायचं कसं? आणि एका कोपऱ्यात मुद्दाम चूक ठेवली आहे म्हणे, कारण परिपूर्ण फक्त अल्ला. खरं असतं का हे?

उलटी_बाजू:

मी गालिचे दुरुस्त करते, त्याआधी चार वर्षं तुम्ही आहात त्याच शहरात काढली आहेत. त्यामुळे जरा लांबण लागेल, चहा घेऊन बसा.

सासूबाई बरोबर आहेत. हे गालिचे बुखारात विणले जात नव्हते, विकले जात होते. तुर्कमेन टोळ्यांचा माल त्या बाजारातून पुढे जायचा आणि घेणाऱ्यांनी बाजाराचंच नाव मालाला चिकटवलं. 1881 मध्ये रशियनांनी ग्योक-तेपेचा किल्ला घेतला आणि टेके लोकांचा प्रतिकार मोडला. मागोमाग रेल्वे आली, 1885 मध्ये अश्गाबादला, 1888 मध्ये समरकंदला. तोवर तंबूत अंथरायला आणि मुलीच्या लग्नात द्यायला विणलेल्या वस्तू वॅगनी भरून युरोपकडे निघाल्या, त्याही ‘बुखारा’ म्हणूनच. आज तर पाकिस्तानात विणलेल्या, टेकेची नक्षी उचललेल्या गालिच्यांनाही सर्रास बुखारा म्हणतात. तो शब्द विक्रेत्याकडेच राहू द्या.

टेके ही टोळी. योमूत, एर्सारी, सारिक, चौदूर याही टोळ्याच. तुर्कमेनिस्तानच्या झेंड्यावर काठीच्या बाजूला लाल पट्टा आहे ना, त्यावरच्या पाच नक्ष्या म्हणजे या पाच टोळ्यांचे गुल. सालोर टोळीचा गुल तिथे नाही, याचं मला आजही वाईट वाटतं, कारण मी हात लावलेल्यांत सगळ्यात देखणे जुने तुकडे सालोरांचे होते.

गुल म्हणजे तुम्ही सांगितलेला तो अष्टकोन. टेकेच्या मोठ्या गालिच्यात तो चार भागांत विभागलेला असतो, तिरपे समोरासमोरचे दोन भाग एका रंगाचे, उरलेले दोन दुसऱ्या. गुलांच्या मधोमध जाणाऱ्या बारीक गडद निळ्या रेघा सगळ्या रांगा एकमेकींना बांधतात आणि अधल्यामधल्या जागेत फुलीसारखी छोटी नक्षी बसते. हे दिसत असेल तर नक्षी टेके. रंग तिरप्या ओळींत बदलत जात असतील तर योमूतकडे बघा. काही गुलांत चिमुकले प्राणी असतात, त्याला ‘ताउक नुस्का’ म्हणतात. ताउक म्हणजे कोंबडी. मोजून बघा, कोंबडीला चार पाय आहेत.

पण नक्षी कुणीही उतरवतं. गालिचा उलटा करा.

पाठीवर प्रत्येक गाठ दिसते. फूटपट्टी ठेवून 10 सेंटीमीटरमध्ये आडव्या किती आणि उभ्या किती ते मोजा. आडव्या 45, उभ्या 55 आल्या तर गुणाकार 2475, म्हणजे चौरस मीटरला 2,47,500. चांगल्या टेके गालिच्याला 2-3 लाख सहज असतात. फक्त एक सांभाळा. एक गाठ ताण्याच्या, म्हणजे मागावर ताणलेल्या उभ्या धाग्यांपैकी, दोन दोऱ्यांवर बसते, म्हणून पाठीवर तिचे शेजारी शेजारी दोन टिपके दिसतात. दोन टिपके, गाठ एक. एकाच गुलाच्या कडेला बोट ठेवून पाहा, रंग कधीही अर्ध्या जोडीवर बदलत नाही, त्यावरून जोडी ओळखता येते.

आता माझी फजिती. अश्गाबादला गेले त्या पहिल्याच वर्षी ‘शंभर वर्षांचा टेके’ म्हणून एक चुवाल घेतला. चुवाल म्हणजे तंबूच्या भिंतीला टांगायची, कपडेलत्ते ठेवायची रुंद पिशवी, तिचा पुढचा भाग गालिच्यासारखा विणतात. गाठी बारीक, लोकर मऊ, मी खूश. दीड महिन्यात त्यावर ग्लासभर हिरवा चहा सांडला. टिपून घेतला, वाळवला, आणि सकाळी पांढऱ्या किनारीची गुलाबी किनार झालेली. मंजिष्ठाचा, म्हणजे वनस्पतीचा, नीट बसलेला लाल असा पळत नाही. मग लव बोटांनी फाकवून मुळाशी पाहिलं. मुळाशी भडक किरमिजी, टोकाला विटलेला करडा. रासायनिक रंग, तोही हलका. विक्रेत्याला विचारलं तर म्हणाला, ‘चहा गरम असेल.’ ती पिशवी अजून माझ्या कामाच्या टेबलाखाली आहे, नवशिक्यांना दाखवायला.

तेव्हा पांढरं सुती कापड ओलं करा आणि लाल भागावर अर्धा मिनिट दाबून घासा. लव फाकवून मूळ आणि टोक यांचा रंग जुळतो का पाहा. लाल रंगाचे फिके-गडद आडवे पट्टे दिसले तर मात्र घाबरू नका. एका खेपेत रंगवलेली लोकर संपली की पुढच्या खेपेचा रंग किंचित वेगळा येतो. मला तर असे पट्टे आवडतात, विणणारीचा दिवस कुठे संपला असेल याचा अंदाज बांधत बसता येतं.

जुनं_ते_पाहू:

ताईंनी बहुतेक सगळं सांगितलंय, मी त्या कोपऱ्यातल्या चुकीपुरतं लिहितो. मुद्दाम ठेवलेली चूक हे मला विकण्याचं कौशल्य वाटतं. लाखो गाठी हाताने मारताना चुका आपोआप होतात, मुद्दाम ठेवायची गरज कुणाला? शिवाय आपण परिपूर्ण काम करू शकलो असतो, असं त्यात आधीच गृहीत धरलेलं असतं. नम्रता कुठली त्यात?

नम्रताच पाहायची तर लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयातला इराणच्या अर्दबिलचा गालिचा पाहा. साडेदहा मीटर लांब, अडीच कोटींच्या वर गाठी. एका टोकाला फारसी कवी हाफिजच्या ओळी, तुझ्या उंबरठ्यावाचून मला जगात आसरा नाही या अर्थाच्या, आणि खाली दरबाराचा सेवक मकसूद काशानी, हिजरी 946. म्हणजे 1539-40. पण ते दरबारी काम, नक्षी आधी आखून घेतलेली. तुर्कमेन बायका आईकडून शिकलेलं आठवणीने विणायच्या, जमिनीवर आडव्या मांडलेल्या मागावर, मुक्काम हलला की माग गुंडाळून उंटावर. दोन्हींना ‘इस्लामी गालिचा’ या एकाच पेटीत टाकतात, ते मला पटत नाही.

गाठींच्या आकड्याने फार भारावूनही जाऊ नका. सायबेरियात, अल्ताई पर्वतातल्या पाझिरिकच्या थडग्यात 1949 मध्ये सापडलेल्या, सुमारे 2400 वर्षांपूर्वीच्या गालिच्यात चौरस मीटरला साधारण 3 लाख 60 हजार गाठी आहेत.

उलटी_बाजू:

पेटीबद्दल सहमत. त्यात आणखी एक घोळ असतो. ‘एन्सी’ नावाचा चार चौकोनांत विभागलेला तुर्कमेन प्रकार बाजारात नमाजाचा गालिचा म्हणून विकतात, कारण काहींच्या वरच्या टोकाला छोटी कमान असते. एन्सी हा तंबूच्या दाराचा पडदा. नमाजाच्या गालिच्याला तिथे नमाझलिक म्हणतात.

सामान_बांधलं:

एक व्यवहाराचं. गालिचा देशाबाहेर न्यायचा तर तो पुरातन नाही असा दाखला लागतो, तो अश्गाबादच्या गालिचा संग्रहालयातले तज्ज्ञ देतात. जितकं ‘शंभर वर्षांचा’ म्हणून भाव खाल तितके विमानतळावर अडकाल. नवा घ्या, बिनघोर न्या. आणि शेवटच्या आठवड्यावर ठेवू नका, मी ठेवलं होतं.

दाखल्यासाठी जालच तर तासभर जास्त ठेवा. 301 चौरस मीटरचा एक अजस्र गालिचा आहे तिथे, 2003 साली गिनीजमध्ये नोंद झालेला.

मुक्काम_अश्गाबाद:

सगळ्यांचे आभार. आज रविवार, फूटपट्टी घेऊन गेलो. गालिचा उलटा करा म्हटल्यावर विक्रेत्याचा चेहरा पहिल्यांदा गंभीर झाला.

गुल टेकेचाच, निळ्या रेघा आहेत. 10 सेंटीमीटरमध्ये उभ्या गाठी 44. आडवे टिपके 76. ताईंनी सांगितल्याप्रमाणे गुलाची कड पाहिली, रंग दर वेळी जोडीने बदलतो. म्हणजे आडव्या गाठी 38. हिशेब 1672, चौरस मीटरला 1,67,200. आणि 76 गुणिले 44 केलं तर 3,34,400, चिठ्ठीवरच्या आकड्याचा उगम सापडला. मी दोन बोटं दाखवून ‘एक’ म्हटलं. तो हसला, चिठ्ठी खिशात घातली आणि किंमत एक तृतीयांशाने उतरवली. अजून घेतलेला नाही, पण खरं सांगायचं तर आवडतो अजूनही.

उलटी_बाजू:

1,67,000 काही वाईट नाही, रोजच्या पायाखाली उत्तम टिकेल. लव फाकवून पाहिलीत? ओलं कापड घासलंत?

मुक्काम_अश्गाबाद:

गुणाकाराच्या आनंदात विसरलो. पुढच्या रविवारी.