दाखल्यावरची 1 जून: जुनी जन्मनोंद सापडली, तर तारीख कधीही बदलून मिळावी का?

मूळ मुद्दा
शाळेत नाव घालताना जन्मनोंद हाताशी नसली की गुरुजी अंदाजानं वय धरून 1 जून टाकत. महाराष्ट्रात अशा दाखल्यांची वाण नाही. पुढे तहसीलच्या अभिलेख कक्षात कोतवाल बुकाची, म्हणजे गाव नमुना 14 ची नक्कल मिळते, आणि तीत वेगळीच तारीख निघते. पण शाळा हात वर करते: माध्यमिक शाळा संहितेचा नियम 26.4, विद्यार्थी शाळा सोडून गेला, आता बदल नाही. मला हे अन्यायाचं वाटतं. जन्माच्या सुमारास झालेली सरकारी नोंद अंदाजापेक्षा वरचढच धरायला हवी, मग अर्जदार विशीचा असो की पन्नाशीचा.

प्रतिसाद 1
विरोध. कोतवाल बुकात बहुतेकदा मुलाचं नावच नसतं. बापाचं नाव, 'मुलगा' किंवा 'मुलगी' आणि तारीख, बस. चार भावंडांच्या घरात ती नोंद नेमकी कुणाची? एखादं मूल लहानपणीच गेलं असेल तर त्याचीही असू शकते. म्हणून सगळ्या भावंडांचे शाळेच्या प्रवेश-निर्गम नोंदवहीचे उतारे सोबत लावावे लागतात. दोन भावंडांत पाच महिन्यांचं अंतर निघालं की प्रकरण तिथेच संपलं.

शिवाय बहुतेकांना तारीख आठवते ती निवृत्ती जवळ आल्यावर. महाराष्ट्र नागरी सेवा (सेवेच्या सर्वसाधारण शर्ती) नियम, 1981 मधला नियम 38 सेवापुस्तकातली जन्मतारीख बदलून घ्यायला नोकरीत लागल्यापासून 5 वर्षांची मुदत देतो, ती उगाच नाही. वरच्याचं निवृत्तीचं वर्ष पुढे सरकलं की खालच्याची बढती अडते. सर्वोच्च न्यायालयानं 1993 मध्ये हरनाम सिंग प्रकरणात उशिरा आलेली मागणी नाकारली, आणि 2021 मध्ये तर पुरावा भक्कम असला तरी हा बदल हक्क म्हणून मागता येत नाही असं सांगितलं.

प्रतिसाद 2
तुम्ही दोघंही सेवापुस्तक आणि शाळेचं जनरल रजिस्टर (विद्यार्थ्यांची प्रवेश नोंदवही) एकत्र कालवताय. सेवापुस्तकाची मुदत मलाही मान्य आहे. पण नियम 26.4 उघड चुकीला वाट ठेवतो, आणि तीच वाट आधी तपासायची. सुरुवात पहिल्या प्राथमिक शाळेच्या रजिस्टरपासून करा, हायस्कूलच्या नाही, कारण हायस्कूलनं तारीख आधीच्या दाखल्यावरून उतरवलेली असते. तिथे 12 आणि इथे 21 असेल, तर ती उतरवताना झालेली चूक. मुख्याध्यापकांनी दोन्ही उतारे जोडून शिक्षणाधिकाऱ्यांकडे प्रस्ताव पाठवायचा. मूल शाळेतच असेल तर दहावीचा अर्ज भरण्याआधी हे उरका. नंतर मंडळाचं प्रमाणपत्रही बदलावं लागतं आणि काम दुप्पट होतं.

राजपत्रात जाहिरात दिली की तारीख सिद्ध झाली, हा गैरसमज तर फार महागात पडतो. ती फक्त प्रसिद्धी आहे. आधारही जन्मतारखेचा पुरावा नाही, हे ऑक्टोबर 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सांगितलंय.

मूळ मुद्दा मांडणारा
पहिल्याच रजिस्टरात 1 जून असेल तर? तिथे उतरवण्याची चूक कुठून दाखवणार? 1988 च्या बिरदमल सिंघवी निकालानुसार, तारीख कुणी आणि कशाच्या आधारे सांगितली हे कळत नसेल तर शाळेच्या नोंदीला पुरावा म्हणून फारसं वजन नाही. मग तिलाच चिकटून का बसायचं? विशिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम 34 खाली घोषणेचा दावा, म्हणजे खरी तारीख न्यायालयानं जाहीर करावी असा दावा, हाच मार्ग उरतो. त्यात शाळा, शिक्षणाधिकारी आणि मंडळ तिघांनाही प्रतिवादी करा. मंडळ वगळलं तर हुकूमनामा त्याच्यावर बंधनकारक होत नाही आणि सगळं पुन्हा पहिल्यापासून. सरकार पक्षकार असल्यानं आधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 ची 2 महिन्यांची नोटीसही हवी.

प्रतिसाद 1
दावा जरूर करा, पण मुदत कायद्याचं अनुच्छेद 58 वाचून: दाव्याचा हक्क 'पहिल्यांदा' निर्माण झाल्यापासून 3 वर्षं. दहावीचं प्रमाणपत्र हातात पडलं त्याच दिवशी तारीख कळलेली असते. अज्ञानपणाची, म्हणजे वय 18 पेक्षा कमी असल्याची, सवलत धरली तरी वयाच्या 21 व्या वर्षी मुदत संपली. आणि आता नव्यानं काढलेला उशिराच्या नोंदणीचा जन्मदाखला पुढे करू नका. चाळिशीत झालेल्या नोंदीवर उलटतपासणीत पहिला प्रश्न तोच येतो.

मूळ मुद्दा मांडणारा
प्रमाणपत्र मिळालं तेव्हा तारीख कळली, ती चुकीची आहे हे नाही. ते कळलं कोतवाल बुकाची नक्कल मिळाल्यावर. म्हणून नक्कल मिळाल्याची तारीख आणि शाळेचा लेखी नकार, दोन्ही वादपत्रात, म्हणजे दाव्याच्या अर्जात, नोंदवायचे. तोंडी नकार घेऊन परत येऊ नका, अर्जाच्या प्रतीवर आवक क्रमांकाचा शिक्का घ्या.