नर्मदा परिक्रमेहून परतल्यावर बाबा घरात रमत नाहीत, मदत हवी आहे

नमस्कार मंडळी. बाबा (वय ६३) ओंकारेश्वरहून पायी परिक्रमा पुरी करून महिन्यापूर्वी ठाण्याला परतले. कित्येक महिने रोज वीसेक किलोमीटर चाल, मुक्काम आश्रमाच्या ओसरीवर नाहीतर उघड्यावर. आता रात्री आठलाच डोळे मिटतात नि साडेतीनला टक्क जाग. पलंग नको, खिडकी लावली की जीव गुदमरतो. पावलं पसरलीत, जुन्या चपलांत बोटं मावत नाहीत. शरीराचं घड्याळ उजेडावर चालतं, त्यामुळे झोपेचं एक वेळ समजतं. पण दुपारभर गप्प बसतात, टीव्ही लावला की उठून गॅलरीत जातात, त्याची काळजी वाटते.

साखर, थायरॉईड, बी-१२, हिमोग्लोबिन सगळं नॉर्मल. भूक उत्तम. बीपीची गोळी पूर्वीचीच. डॉक्टर म्हणाले आराम करा; मला तर तो आरामच बाधतोय असं वाटतं. सकाळी तलावपाळीला फेऱ्या मारतात, तेवढा वेळ खुलतात. संध्याकाळी दिवे लावून जागवून पाहिलं, चिडचिड वाढली. झोपेची गोळी नको आहे.

ज्यांनी किंवा ज्यांच्या घरी कुणी पायी परिक्रमा केली आहे त्यांना विचारतेय: चाल एकदम थांबली की मन असं बसतं का? परतल्यावर रोज किती चालणं ठेवलंत? आणि समुपदेशकाकडे न्यायचं ते कशावरून ठरवायचं?