खुनाला संगीत कशाला?

सातरस्तेकर: परवा इथं कुणीतरी लिहिलं, 'एरॉल मॉरिस म्हणजे मढ्याच्या टाळूवरचं लोणी खाणारा. पोलीस मरतोय आणि याला हवेत उडणारा मिल्कशेक दाखवायचाय.' दोन दिवस गप्प बसलो, आता राहवत नाही.

मॉरिसच्या 'द थिन ब्लू लाइन' या माहितीपटातला (१९८८) तो मिल्कशेकचा पेला शोभेचा नाही ओ. डॅलसमध्ये १९७६ साली गाडी अडवणाऱ्या पोलिसाला गोळ्या घातल्या. जोडीदार पोलीस बाई नियमाप्रमाणे बाहेर उभी होती, की आत बसून मिल्कशेक पीत होती? तिनं काय पाहिलं असेल ते यावरच ठरतं. साक्ष बदलली की मॉरिस प्रसंगही बदलतो. 'असं घडलं' नव्हे, 'हे म्हणतात असं घडलं'. या खुनात चुकून दोषी ठरवलेल्या रँडल अ‍ॅडम्सला आधी फाशी सुनावलेली, मग जन्मठेप. फिल्म आल्यावर वर्षाच्या आत सुटला, बारा वर्षं आत काढून. अजून काय पाहिजे?

नव्यापेठेतला: 'कुणीतरी' काय, मीच लिहिलं. सुटला, बरंच झालं. पण तो पोलीस पडतो ते किती वेळा दाखवायचं? त्याच्या घरच्यांनी काय करायचं? वर फिलिप ग्लासचं संगीत! हैदराबाद रोडला माझा मावसभाऊ अपघातात गेला. एका लोकल चॅनेलवाल्यानं रस्त्यावरची त्याची एक चप्पल दाखवली, लाल गोल करून, मागं ढँण ढँण. मावशी अजून टीव्ही लावत नाही.

सातरस्तेकर: वाईट झालं. पण त्या चप्पलवाल्याला मॉरिसच्या शेजारी बसवायलास?

नव्यापेठेतला: सुटल्यावर त्याच अ‍ॅडम्सनं मॉरिसवर दावा लावला, स्वतःच्या गोष्टीच्या हक्कासाठी. ते बरं लिहिलं नाही!

सातरस्तेकर: लावला. कोर्टाबाहेर मिटला. राहिलं लिहायचं. झालं समाधान?

कडकभाकरी: डॅलस सोडा की बे. आपले सोलापूरचे चार हुतात्मे? मंगळवार पेठ चौकीत पोलीस मारल्याचा आरोप, मार्शल लॉ, आणि १२ जानेवारी १९३१ ला येरवड्यात फाशी. धनशेट्टी, कुर्बान हुसेन, सारडा, शिंदे. साक्षी कुणी दिल्या, कशा दिल्या, यावर करा की फिल्म. पुतळ्यांना जयंतीला हार, एरवी खाली रिक्षा.

रिटायर्डमास्तर: जयंती नव्हे, स्मृतिदिन! त्याच दिवसांत गड्ड्याच्या जत्रेची गर्दी, मग कुणाला आठवणार? वर्गात नावं विचारली की पोरं तिघांवर अडायची. आमचे आजोबा जुन्या गिरणीत. मार्शल लॉत पणजीनं त्यांची गांधी टोपी ज्वारीच्या पिठाच्या डब्यात खुपसून ठेवली. पुढं कितीही धुतली तरी घाम आला की कपाळावर पांढरा ओघळ यायचा म्हणे.

कडकभाकरी: मास्तर, तो डबा स्लो मोशनमध्ये! पीठ उडतंय...

रिटायर्डमास्तर: हुतात्म्यांच्या विषयात थट्टा नको. तुमच्या पिढीला सगळ्याची रीलच दिसते.

कडकभाकरी: थट्टा कुठं केली ओ? खरंच म्हणतोय.

सातरस्तेकर: बघा, पुरावा कपाळावर. मॉरिसनं हेच केलं असतं.

नव्यापेठेतला: डबा चालेल. ढँण ढँण वाजलं तर मी उठून जाणार.