नवरा वारला, दोन लहान मुलं, उत्पन्नाचा दाखला ४८ हजारांचा: मुलांसाठी शासनाचे पैसे कुठून मिळतील?

माणदेश_वाडी

आमच्या वाडीतल्या एका ताईंसाठी विचारतोय. वय ३१. नवरा सेंटरिंगच्या कामाला जायचा, सात महिन्यांपूर्वी हार्ट अटॅकने वारला, वय ३६. मुलगा ९ वर्षांचा, झेडपीच्या शाळेत चौथीला. मुलगी ऑगस्ट २०२३ ची. जमीन नाही. केशरी रेशनकार्ड सासऱ्यांच्या नावावर आहे, त्यातच सगळ्यांची नावं. ताई शेतमजुरी करतात, लाडकी बहीणचे १५०० येतात.

संजय गांधी निराधारचा अर्ज भरायला तहसीलला गेल्या होत्या. तिथे सांगितलं की २१ हजारांच्या आतला दाखला आणा. सेतूतून दाखला निघाला ४८ हजारांचा. आता गावातला एक जण पैसे घेऊन २१ चा दाखला काढून देतो म्हणतोय. तसं करावं का? आणि मुलांच्या नावाने वेगळं काही मिळतं का? कुठे जायचं, कुठले कागद न्यायचे, नीट सांगा.

गोदाकाठ

तो ४८ हजारांचा दाखला जपून ठेवा, तोच कामाला येणार आहे. आणि २१ च्या दाखल्यामागे पळू नका, कारण तो मिळाला तरी ताईंच्या हातात एक रुपया जास्त पडणार नाही. संजय गांधी निराधारचे महिन्याला १५०० आणि लाडकी बहीणचेही १५००. दुसऱ्या शासकीय योजनेतून १५०० किंवा जास्त मिळत असतील तर लाडकी बहीणला ती बाई अपात्र ठरते. म्हणजे निराधार मंजूर झालं की इकडचे बंद. एवढी धावपळ करून बेरीज तीच.

मुलांचे पैसे तहसीलमध्ये नाहीतच. ते महिला व बालविकास विभागाकडे आहेत, आणि विधवा बाईला हे तहसीलच्या खिडकीवर सहसा कुणी सांगत नाही, कारण तो विभागच वेगळा. योजनेचं नाव बालसंगोपन. २०२३ पासून पूर्ण नाव क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले बालसंगोपन योजना. आई-वडिलांपैकी एक वारलेलं मूल यात बसतं. प्रत्येक मुलामागे महिन्याला २२५० रुपये, वयाची १८ वर्षं पूर्ण होईपर्यंत. दोन मुलांचे ४५००, वर्षाला ५४ हजार. २१ हजारांची अट इथे नाही. आणि हे पैसे मुलाच्या नावावर मंजूर होतात, त्यामुळे ताईंच्या लाडकी बहीणच्या आड येत नाहीत.

अर्ज जिल्ह्याच्या ठिकाणी, जिल्हा महिला व बालविकास अधिकारी कार्यालयात द्यायचा. त्यांच्याकडेच जिल्हा बाल संरक्षण कक्ष असतो. अर्ज कोरा मिळतो, फुकट मिळतो. प्रत्येक मुलाचा अर्ज वेगळा आणि प्रत्येक अर्जाला कागदांचा पूर्ण संच वेगळा. एकच संच दोन्ही मुलांना चालेल असं समजून लोक जातात आणि तिथून परत झेरॉक्सवाल्याकडे येतात.

संचात हे घ्या: वडिलांचा मृत्यू दाखला, मुलाचा जन्म दाखला, मुलाचं शाळेचं बोनाफाईड (धाकटीला शाळा नाही, तर जन्म दाखला आणि अंगणवाडी सेविकेचा दाखला), आईचं व मुलाचं आधार, रेशनकार्डाची झेरॉक्स, तहसीलदारांचा उत्पन्न दाखला, रहिवासी दाखला, बँक पासबुकाचं पहिलं पान, आईचे व मुलाचे पासपोर्ट फोटो. शिवाय घरासमोर आई आणि मुलं एकत्र उभी असलेला मोठा फोटो, ४ बाय ६ चा. हा फोटो बहुतेकांचा राहून जातो. घराचा दरवाजा आणि सगळ्यांचे चेहरे स्पष्ट दिसले पाहिजेत.

अर्ज गेल्यावर गृहभेट होते. कार्यकर्ता घरी येऊन कोण कमावतं, मूल शाळेत जातं का, कुणाजवळ राहतं हे बघतो आणि सामाजिक तपासणी अहवाल लिहितो. ताई मजुरीला जातात, त्यामुळे दिवसा घर बंद सापडण्याची शक्यता मोठी. अर्जावर स्वतःचा मोबाईल नंबर तर लिहाच, पण अंगणवाडी ताईंचा किंवा सासऱ्यांचाही लिहा. घर बंद दिसलं की अहवाल रखडतो आणि मग कुणी कळवतही नाही.

अहवाल बाल कल्याण समितीपुढे जातो. तिथे आई आणि मूल दोघांनाही बोलावतात. समितीला न्यायपीठाचा दर्जा आहे, पण ते कोर्ट नव्हे, वकील लागत नाही. मुलाला आधी समजावून न्या, नाहीतर घाबरतं. विचारतात ते साधंच असतं: शाळा कुठली, कितवी, घरी कोण कोण. समितीचा लेखी आदेश निघाला की मंजुरी. आदेशाची प्रत मागून घ्या आणि घरी ठेवा.

पैसे दर महिन्याला ठरल्या तारखेला येतील अशी समजूत करून घेऊ नका. निधी येईल तसे काही महिन्यांचे एकदम पडतात. त्या भरवशावर कर्जाचा हप्ता बांधू नका हे ताईंना आवर्जून सांगा.

सेतू_खिडकी

२१ च्या दाखल्याबद्दल. अजिबात करू नका. चालू वर्षाचा ४८ हजारांचा दाखला ऑनलाइन नोंदलेला आहे. त्याच वर्षाचा त्याच नावाने २१ चा काढला तर दोन्ही बारकोडवर दिसतात. खोटं स्वयंघोषणापत्र दिल्याचा ठपका अर्जदारावर येतो, पैसे घेणाऱ्यावर नाही. उद्या बालसंगोपनच्या पडताळणीत हाच घोळ निघाला तर मुलांचंही अडकेल.

खरं म्हणजे ती २१ हजारांची मर्यादाच आता जगण्याशी जुळत नाही. महिन्याला १७५० होतात. रोजगार हमीची २०२५-२६ ची मजुरी ३१२ रुपये धरली तरी १०० दिवसांचे ३१,२०० होतात. म्हणजे सरकारच्याच कामावर पूर्ण दिवस भरले तर बाई निराधार राहत नाही. ही मर्यादा वाढायला हवी, पण ती वाढेपर्यंत खोटा कागद हा उपाय नव्हे.

एक सरळ वाट मात्र आहे. निराधारला उत्पन्न दाखला किंवा दारिद्र्यरेषेखालील यादीत नाव, दोन्हींपैकी एक चालतं. सासऱ्यांच्या कुटुंबाचं नाव यादीत आहे का ते ग्रामपंचायतीत विचारा आणि असेल तर यादीतल्या क्रमांकासह दाखला घ्या. आत्ता निराधारसाठी नको असला तरी तो लागणार आहे: राष्ट्रीय कुटुंब लाभ योजनेत दारिद्र्यरेषेखालच्या घरातला १८ ते ५९ वयाचा कमावता माणूस गेला तर एकरकमी २०,००० मिळतात. हा अर्ज मात्र तहसीललाच, संजय गांधी शाखेत. यात उशीर करू नका, सात महिने आधीच गेलेत.

दाखल्यावर उत्पन्न कुणाचं धरलंय तेही बघा. नवरा हयात असतानाचे आकडे तसेच पुढे चालत आलेले असतात. तलाठ्याच्या अहवालात "अर्जदार विधवा, स्वतःची मजुरी" असं स्पष्ट आलं पाहिजे. दाखल्याची मुदत ३१ मार्चला संपते, त्यामुळे फेब्रुवारीत काढलेला दाखला घेऊन एप्रिलमध्ये कुठे जाऊ नका.

आणि रेशनकार्डावरून मयताचं नाव कमी करून घ्या. ते राहिलं तर गृहभेटीत प्रश्न येतो.

पाणंद

धाकटीचं लेक लाडकीचं केलंय का? १ एप्रिल २०२३ नंतर जन्मलेली मुलगी, घर केशरी कार्डाचं, उत्पन्न १ लाखाच्या आत. सगळं बसतं. पहिला मुलगा आणि दुसरी मुलगी असली तरी मुलीला लाभ आहे. जन्माचे ५,०००, पहिलीला ६,०००, सहावीला ७,०००, अकरावीला ८,००० आणि १८ पूर्ण झाल्यावर ७५,०००. एकूण १ लाख १ हजार.

अर्ज अंगणवाडी सेविकेकडे. दुसऱ्या अपत्याच्या बाबतीत कुटुंबनियोजन शस्त्रक्रियेचं प्रमाणपत्र दुसऱ्या हप्त्याला लागतं, पहिल्याला नाही. "सर्टिफिकेट नाही म्हणून फॉर्म घेत नाही" असं कुणी म्हणालं तर हे सांगा. तोच ४८ हजारांचा दाखला इथेही चालतो.

बांधकाम_नाका

नवरा सेंटरिंगला होता ना? मग इमारत व इतर बांधकाम कामगार कल्याणकारी मंडळाची नोंदणी होती का ते आधी शोधा. घरात स्मार्ट कार्ड, नोंदणीची पावती, मंडळाकडून मिळालेली भांड्यांची किंवा सुरक्षा साहित्याची पेटी असं काही आहे का बघा. पेटी असेल तर नोंदणी होतीच.

मृत्यूच्या दिवशी नोंदणी जिवंत म्हणजे नूतनीकरण केलेली असेल तर नैसर्गिक मृत्यूला वारसाला २ लाख मिळतात. कामावर अपघाती मृत्यू असता तर ५ लाख. त्याशिवाय विधवेला वर्षाला २४,००० असे ५ वर्षं. मृत्यूनंतर मागच्या तारखेने नोंदणी किंवा नूतनीकरण होत नाही, कुणी तसं सांगून पैसे मागितले तर देऊ नका.

दुसरं, नवऱ्याचं पासबुक भरून आणा. मे-जूनच्या आसपास ४३६ रुपये कापलेले दिसले तर ती जीवन ज्योती विमा योजना, २ लाखांचं कव्हर, मृत्यू कशानेही असो. २० रुपये कापलेले असतील तर सुरक्षा विमा, तो फक्त अपघाताला. बऱ्याच घरांना या कपातीची कल्पनाच नसते आणि खातं तसंच पडून राहतं. त्याच बँक शाखेत मृत्यू दाखला आणि वारसदाराचं आधार घेऊन दाव्याचा फॉर्म मागा. दावा ३० दिवसांत द्यावा असं म्हणतात, पण उशीर झाला म्हणून न देता सोडू नका.

माणदेश_वाडी

सगळ्यांचे मनापासून आभार. पेटी आहे घरात, कार्ड शोधायला सांगितलंय. दोन अडचणी आहेत. मृत्यू दाखल्यावर नवऱ्याचं नाव "बाळू" लागलंय आणि आधारवर, मुलाच्या बोनाफाईडवर "बाळासाहेब" आहे. आणि ताईंचं बँक खातं माहेरच्या नावाने आहे, आधार सासरच्या. मुलाचं खातंच नाही. शिवाय कुणीतरी केंद्राची ४,००० वाली योजना सांगितली, ती वेगळी का?

गोदाकाठ

४,००० वाली म्हणजे मिशन वात्सल्यचं प्रायोजकत्व. प्रत्येक मुलाला महिन्याला ४,०००. उत्पन्नाची मर्यादा ग्रामीण भागात वर्षाला ७२,०००, शहरात ९६,०००. तुमचा दाखला त्यातही बसतो. अर्ज त्याच जिल्हा बाल संरक्षण कक्षात. अंतिम मंजुरी जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालच्या समितीची, आणि संख्या मर्यादित असते. एका मुलाला दोन्हींपैकी एकच मिळतं. कक्षात गेल्यावर "प्रायोजकत्वात जागा आहे का" हे थेट विचारा. असेल तर ते आधी, नसेल तर बालसंगोपनचा अर्ज त्याच दिवशी देऊन या. एकाची वाट बघत दुसरं थांबवू नका.

मूल शासकीय वसतिगृहात किंवा आश्रमशाळेत ठेवायचा विचार असेल तर हेही लक्षात घ्या: संस्थेत राहणाऱ्या मुलाला बालसंगोपन मिळत नाही. ते घरी राहून वाढणाऱ्या मुलासाठी आहे.

अर्ज दिल्याची पोच, म्हणजे दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि आवक क्रमांक, घेतल्याशिवाय कार्यालयातून हलायचं नाही. समितीने नाकारलं तर लेखी आदेश मागा. आदेशाविरुद्ध ३० दिवसांत जिल्हाधिकाऱ्यांकडे अपील करता येतं, त्याला कारणासह लेखी नकार हातात लागतो.

सेतू_खिडकी

नावाचं आधी करा, नाहीतर मंडळाचा दावा, विमा, बालसंगोपन सगळीकडे एकच त्रुटी निघेल. मृत्यू दाखला ज्या ग्रामपंचायतीने दिला तिथल्या निबंधकाकडे, म्हणजे ग्रामपंचायत अधिकाऱ्याकडे, जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याच्या कलम १५ खाली दुरुस्तीचा अर्ज द्या. सोबत मयताचं आधार, शाळा सोडल्याचा दाखला, रेशनकार्ड, आणि दोन्ही नावं एकाच व्यक्तीची असल्याचं प्रतिज्ञापत्र. दुरुस्त दाखल्याच्या चार-पाच मूळ प्रती एकदमच मागून घ्या. मृत्यू दवाखान्यात झाला असेल तर नोंद त्या दवाखान्याच्या हद्दीतल्या नगरपालिकेत किंवा ग्रामपंचायतीत असते, गावात नाही. जुन्या दाखल्यावरचा शिक्का वाचा.

ताईंच्या खात्यात लाडकी बहीणचे येतात म्हणजे आधार कुठल्यातरी खात्याला सीड, म्हणजे जोडलेलं, आहे. पण कुठल्या, ते आधारच्या साइटवर बँक सीडिंग स्टेटसमध्ये बघा. बँकेत आधारची झेरॉक्स दिली म्हणजे सीडिंग झालं असं नाही, आणि डीबीटीचे, म्हणजे शासनाकडून थेट खात्यात येणारे, पैसे सर्वांत शेवटी सीड केलेल्या खात्यावर जातात, पासबुक कुठलंही जोडा. खात्यावरचं नाव विवाह नोंदणी प्रमाणपत्र देऊन बदला. लग्नाची नोंद झालेली नसेल तर बँक राजपत्र मागू शकते, त्याला वेळ लागतो. त्यापेक्षा पोस्ट पेमेंट्स बँकेत आधारवरच्या नावाने नवं खातं पोस्टमनकडून उघडणं लवकर होतं. पण तिथे सीडिंग केलं की लाडकी बहीणचे पैसेही त्याच खात्यावर येऊ लागतील, हे ताईंना आधीच सांगा.

मुलांसाठी आई पालक असलेलं संयुक्त खातं राष्ट्रीयीकृत बँकेत काढा. मुलगा ९ वर्षांचा आहे, तर पाचव्या वर्षानंतरचं बायोमेट्रिक अपडेट झालंय का ते तपासा. ते राहिलं असेल तर अर्ज आधार पडताळणीतच अडतो.