अनुभव धागा : गेमचं कुलूप आणि आपण

रत्नागिरी (धागाकर्ती) : आपल्याकडे ओरिजिनल गेम शोधावा लागायचा, कॉपी मात्र एसटी स्टँडसमोर मिळायची. दोन्ही वापरलेल्यांनी मोकळेपणाने लिहा. कुलूप म्हणजे फुकट कॉपी चालू नये म्हणून कंपनीने गेममध्ये घातलेली अडवणूक. माझं मत आधीच सांगते : कुलपाचा जाच पैसे मोजणाऱ्यालाच जास्त होतो. 2008 चा ‘स्पोअर’ विकत घेऊनही तीनदाच ॲक्टिव्हेट करता यायचा. लोक भडकले, आणि त्या वर्षी सगळ्यात जास्त पायरसी त्याचीच झाली.

मालवण : आमचे सीडीवाले काका मार्करने नाव लिहिलेली सीडी पेपरात गुंडाळून द्यायचे. ‘ने रे झिला, नाय चल्ली तर बदलून दितंय.’ आणि खरंच द्यायचे. आत ‘क्रॅक’ नावाचं फोल्डर. त्यातली फाइल मूळ फाइलवर पेस्ट केली की सीडी न घालता गेम सुरू. पुढे मामाने मुंबईहून ओरिजिनल आणला. तो दर वेळी डिस्क मागायचा. पावसाळ्यात डिस्कवर बुरशीचे ठिपके पडले, ड्राइव्ह नुसता घरघरायला लागला. कंपनी काही बदलून देईना. पैसे भरलेल्या गेमसाठी मी क्रॅक शोधला आणि त्यात मला काहीही गैर वाटत नाही.

श्रीवर्धन : 3 जून 2020, निसर्ग वादळ. वाडीतल्या पोफळी आडव्या, विजेचे खांब आडवे. वीज आली तरी नेटचा पत्ता नव्हता. धाकट्या भावाने पैसे साठवून घेतलेला गेम एकट्यानेच खेळायचा, पण सर्व्हरला विचारल्याशिवाय उघडेना. शेजाऱ्यांकडे त्याच गेमची क्रॅक कॉपी व्यवस्थित चालत होती. हा रोज त्यांच्या पडवीत जाऊन बसायचा.

सावंतवाडी, सध्या पुणे : मी गेम बनवणाऱ्यांतली. मोठ्या गेमची बरीचशी विक्री सुरुवातीच्या आठवड्यांतच होते. तेवढे दिवस निभावेत म्हणून डेनुवोसारखं कुलूप लावतात. काही कंपन्या ते नंतर काढतात. सगळ्यांनीच काढायला हवं. पण छोट्यांचं काय? 2013 मध्ये ‘गेम डेव्ह टायकून’ बनवणाऱ्या दोघा भावांनी स्वतःच एक वेगळी कॉपी टोरेंटवर, म्हणजे लोक एकमेकांना फुकट फाइली देतात तिथे, सोडली. या गेममध्ये आपण गेम बनवणारी कंपनी चालवतो; त्या कॉपीत ती कंपनी पायरसीपायी बुडायची. पहिल्या दिवशी विकत घेऊन खेळणारे 214, फुकट खेळणारे किमान 3104. हे आकडे वाचले तेव्हा माझ्या पोटात गोळा आला होता.

गुहागर : म्हणूनच मी गॉग या गेम विकणाऱ्या वेबसाइटवरून घेतो. कुलूप नाही, इन्स्टॉलर आपल्या हार्ड डिस्कवर ठेवता येतो. ‘विचर 3’सारखा मोठा गेम 2015 मध्ये तिथे पहिल्या दिवसापासून कुलपाशिवाय होता. श्रीवर्धनकर, भावाला सांगा, सेल लागला की घे.